तुम्ही विचारलंत म्हणून : कुणाला कापायचं?

पटकथालेखनाच्या वर्गात दर वेळी कुणीतरी विचारतंच: जाडजूड कादंबरीवर मालिका लिहायची, तर आधी कोणती पात्रं कापायची? मी म्हणते, कात्री उचलायच्या आधी पटकथाकार कार्लुश साबोगांचं काम बघा.

साबोगा १९३६ चे, पोर्तुगालमधल्या फिगेइरा दा फोझचे. सालाझारच्या हुकूमशाहीत देश सोडून पॅरिसला गेले, पण लिहीत राहिले ते पोर्तुगीज सिनेमासाठी. त्यातला मला सर्वांत मोलाचा वाटतो तो २०१० चा ‘मिस्टरीज ऑफ लिस्बन’. कामिलु काश्तेलु ब्रांकुंची १८५४ ची कादंबरी, दिग्दर्शक राऊल रुइझ. सिनेमा जवळपास साडेचार तासांचा, टीव्हीसाठी तासा-तासाचे सहा भाग.

सुरुवातीला एक अनाथ मुलगा. नायक हाच असं आपण धरून चालतो, तोवर फादर दिनिश त्याच्या आईची हकिगत सांगू लागतात आणि मुलगा बाजूला पडतो. या मुलाला जन्मताच मारायची सुपारी एका गुंडाने घेतलेली असते. फादर पैसे मोजून बाळ सोडवतात. त्याच पैशांवर तो गुंड पुढे लिस्बनमधला धनाढ्य गृहस्थ होऊन समोर येतो! खुद्द फादरनी आधी किती आयुष्यं जगलीत, ते त्यांनी खोलीत जपलेल्या जुन्या वेशांवरून कळतं. आपल्या आख्यानांत उपाख्यानं असतात तशी ही रचना. कुणाला किरकोळ समजून काढलंत, तर आणखी दोघा-तिघांचा भूतकाळ त्याच्यासोबत जातो.

फुकट नाही हे. मध्ये नावांचा गोंधळ उडतो, मी तर कागद घेऊन बसले होते. आणि आपल्याकडच्या एखाद्या वाहिनीच्या बैठकीत हे मांडून बघा, पहिला प्रश्न येईल, “नायिका कुठाय?”

साबोगा कापतच नाहीत असंही नाही. त्यांनी लिहिलेला ‘लाइन्स ऑफ वेलिंग्टन’ (२०१२) पोर्तुगालवरच्या १८१० च्या फ्रेंच आक्रमणावर आहे. रुइझ २०११ मध्ये गेले, मग दिग्दर्शन त्यांच्या पत्नी व्हालेरिया सार्मिएंतो यांनी केलं. यातला वेलिंग्टन म्हणजे १८०३ मध्ये असईला मराठ्यांशी लढलेला तोच आर्थर वेलस्ली. नाव शीर्षकात, भूमिकेत जॉन माल्कोविच, तरी त्याच्या वाट्याला मोजकेच प्रसंग. बाकी सिनेमा शिपायांचा आणि घरदार सोडून निघालेल्या माणसांचा.

मालिका लिहिणाऱ्यांनी मात्र ‘लिस्बन’च्या सहा भागांपासूनच सुरुवात करावी, आणि गोष्ट सांगणारा कुठे-कुठे बदलतो तेवढं टिपत जावं.