कवेलू, वानरं आणि ग्रेट कॉक्सवेलचं कोठार

सध्या मला एक भलताच नाद लागलाय. रात्री जेवणं झाली की मी मोबाईलवर इंग्लंडातल्या खेड्यांमधल्या जुन्या घरांच्या नोंदी वाचत पडतो. बायको म्हणते लोक रील बघतात आणि तुम्ही परक्यांचे गोठे बघता. खरंच आहे ते. पण एकदा वाचायला लागलं की सुटत नाही, एक नोंद झाली की पुढची, मग शेजारच्या गावची, आणि तासभर कधी गेला कळत नाही.

ही यादी म्हणजे नॅशनल हेरिटेज लिस्ट फॉर इंग्लंड. हिस्टॉरिक इंग्लंड नावाची सरकारी संस्था ती सांभाळते, आणि नेटवर कोणालाही फुकट बघता येते, नकाशावर गाव शोधा, ठिपक्यावर बोट ठेवा, नोंद उघडते. जवळपास चार लाख नोंदी आहेत. तिकडे पॅरिश म्हणजे आपल्या ग्रामपंचायतीसारखा सगळ्यात खालचा तुकडा, मूळचा चर्चच्या हद्दीवरून पडलेला. तर कुठलंही पॅरिश उघडा, बहुतेक ठिकाणी एक चर्च असतं, पण त्याच्या खाली जी रांग लागते ती बघण्यासारखी. शेतकऱ्याचं घर. धान्याचं कोठार. बंड्या, म्हणजे गाड्या, ठेवायची छपरी. कबुतरखाना. आवाराची भिंत. जुना मैलाचा दगड. आणि लाल टेलिफोनचा डबा सुद्धा, हो, तोही संरक्षित.

नोंदीची भाषा एकदम कोरडी. साधारण असं की शेतघर, सतराव्या शतकातलं, एकोणिसाव्यात वाढवलेलं, ओकच्या लाकडाची चौकट, मधल्या जागेत विटा भरलेल्या, दोन मजले, डावीकडची खिडकी बुजवलेली. (खिडक्या बुजवलेल्या बऱ्याच दिसतात. १६९६ ते १८५१ पर्यंत तिकडे खिडक्यांवर टॅक्स होता, काही जणांनी तो वाचवायला विटा लावून बंद केल्या. टॅक्स वाचवायची कला सगळीकडे सारखीच.) त्या घरात कोण राहत होतं, कुठला सरदार, कोणती लढाई, बहुतेक नोंदींत यातलं काहीच नाही. नुसतं घर कसं बांधलंय तेवढं लिहिलंय, आणि तेवढ्यावर ते वाचवण्याच्या लायकीचं ठरलंय. मला याचंच लय नवल वाटलं.

ग्रेड तीन आहेत, एक (सगळ्यात वरची), दोन-स्टार आणि दोन, आणि दहातली नऊ तरी साधी ग्रेड दोनची. नियम ढोबळ असा की १७०० च्या आधीचं आणि बऱ्यापैकी मूळ अवस्थेत असलेलं जवळपास सगळंच यादीत येतं, १७०० ते १८५० मधलंही बरंचसं, त्यानंतरचं निवडून. एकदा नाव चढलं की परवानगीशिवाय पाडणं सोडा, आतला जिना काढला तरी गुन्हा. आणि घराच्या आवारातलं १ जुलै १९४८ च्या आधीचं बांधकाम, म्हणजे मागची छपरी बिपरी, तेही बहुतेक वेळा त्यातच धरतात.

हे सगळं त्यांना आधीपासून सुचलेलं होतं असंही नाही. दुसऱ्या महायुद्धात बॉम्ब पडायला लागले तेव्हा पडझड झालेल्यातलं काय पाडायचं आणि काय वाचवायचं हे ठरवायला याद्या केल्या, त्यातून १९४४ आणि १९४७ चे कायदे आले. तरीही १९५० च्या दशकात मोठमोठ्या हवेल्या शेकड्यांनी पाडल्या त्यांनी, आणि पाडायच्या आधी परवानगी घ्यायची सक्तीची पद्धत आली ती १९६८ च्या कायद्याने. मग १९८० च्या ऑगस्टमध्ये लंडनमधली फायरस्टोन टायर कंपनीची फॅक्टरी, यादीत नाव चढायच्या तोंडावर, सुट्टीच्या दिवसांत पाडून टाकली, त्यावर बोंब झाली, आणि रेंगाळलेल्या सर्व्हेला वेग आला. खेड्यापाड्यातली कोठारं आणि छपऱ्या मोठ्या संख्येनं नोंदल्या गेल्या त्या यानंतरच्या वर्षांत. थोडक्यात त्यांनाही अक्कल नुकसान झाल्यावरच आली.

माझं सगळ्यात आवडतं म्हणजे ग्रेट कॉक्सवेल. ऑक्सफर्डशायरमधलं लहानसं गाव, आणि तिथं एक कोठार आहे, ग्रेड एकचं. ब्यूली नावाच्या मठाच्या साधूंची तिथं शेती होती, तिचं धान्य ठेवायला बांधलेलं. लाकडाच्या वलयांवरून काळ काढलाय, झाडं तोडली ती १२९१-९२ च्या हिवाळ्यात. म्हणजे इकडे देवगिरीवर रामदेवराय यादव राज्य करत होता तेव्हाचं. साधारण १५० फूट लांब, ४४ फूट रुंद, ४८ फूट उंच, आणि आत ओकच्या खांबांच्या दोन रांगा, प्रत्येक खांब उंच दगडी पायावर उभा. छपरावर फाडीच्या दगडाच्या पातळ चिपा, खालच्या ओळींत मोठ्या आणि वर आढ्याकडे लहान लहान होत गेलेल्या. विल्यम मॉरिस हा इंग्लंडचा प्रसिद्ध कवी आणि डिझायनर तिथून जवळच केल्मस्कॉटला राहायचा, त्याचा या कोठारावर फार जीव. पुढे ते अर्नेस्ट कुक या माणसाकडे होतं, ट्रॅव्हल कंपनीवाल्या थॉमस कुकचा नातू, त्याच्या मृत्युपत्रानं १९५६ मध्ये ते नॅशनल ट्रस्ट या जुन्या वास्तू जपणाऱ्या संस्थेकडे गेलं. आज कोणीही जाऊन बघू शकतं. सातशे वर्षांत कोणी राजा तिथं जन्मला नाही की मेला नाही, गहू आणि जव ठेवले फक्त.

अशा जुन्या कोठारांची एक गोष्ट मला शेतकऱ्याचा पोरगा म्हणून पटकन समजली. बहुतेकांना समोरासमोर दोन मोठे दरवाजे असतात. बंडी एकीकडून आत आणि दुसरीकडून बाहेर, हे आहेच, पण खरं कारण मळणीचं. दोन दरवाज्यांच्या मधली जमीन हेच त्यांचं खळं. तिकडे पाऊस बारा महिने, पेंढ्या उघड्यावर ठेवल्या तर कुजणार, मग सगळं पीक आत रचून ठेवायचं आणि हिवाळाभर काठीने झोडपत बसायचं, दोन्ही दरवाजे उघडले की वारा आरपार, त्या वाऱ्यात उफणायचं. आपल्याकडे दिवाळीनंतर आभाळ कोरडं, म्हणून खळं शेतात, शेणानं सारवलेलं, मधे तिवडा, बैलांची पात फिरतेय, आणि उफणायला तिवईवर उभं राहून वाऱ्याची वाट बघायची. काम तेच, पण त्यांना पावसापायी इमारत बांधावी लागली म्हणून ती उरली, आपलं खळं दरवर्षी नांगरात जायचं. आता तर थ्रेशरवाला दोन तासात मोकळं करतो.

उंदरांचंही तसंच. त्यांच्या धान्याच्या खोल्या दगडी ठोकळ्यांवर उभ्या असतात, खाली निमुळता दगड आणि वर गोल टोपी, अळंबीच्या आकाराची, उंदीर चढतो पण टोपीच्या कडेखालून उलटं होऊन वर जाता येत नाही. आमच्या आजीकडे बांबूचा ढोला होता, शेणमातीनं लिंपलेला, दगडांवर ठेवलेला, पण टोपी बिपी नाही, त्याच्यासाठी मांजर. आणि ज्वारीचं पेव होतं जमिनीत. ते इंग्रजांच्या ओल्या जमिनीत कधी टिकलं नसतं.

बरं आता आमच्या वाड्याकडे येतो, कारण हे सगळं वाचायला सुरुवात झाली ती त्याच्यापायीच. आमचं गाव यवतमाळ जिल्ह्यात, दारव्ह्याकडे. वाडा म्हणजे काही शनिवारवाडा नाही, शेतकऱ्याचाच, पुढे ढेलज, मधे चौक, तीन बाजूंनी ओसरी, मागे गुरांचा कोठा. भिंती हात-दीड हात जाडीच्या, गढीच्या पांढऱ्या मातीच्या. सागवानी खांब, खाली दगडी तळखडे, म्हणून ओल आणि उधई लवकर वर चढली नाही. उंबऱ्यावरच्या चौकटीला घोड्याची नाल ठोकलेली. गंमत म्हणजे इंग्लंडातल्या शेतघरांवरही नाल असते, आणि तुळयांवर कंपासनं काढलेली सहा पाकळ्यांची फुलं, चेटूक घरात शिरू नये म्हणून, असं म्हणतात.

काही वर्षांपूर्वी ओसरीच्या भिंतीला घरच्यांनी सिमेंटचं प्लास्टर मारून घेतलं, चांगलं दिसतं म्हणून. दोन पावसाळ्यांत पोपडे. आता बोटानं दाबलं की प्लास्टरचा तुकडा पापडासारखा निघतो आणि मागची माती ओली, हाताला लागते, उन्हाळ्यात सुद्धा. मला वाटायचं मिस्त्रीनं माल कमी घातला. मग तिकडच्या दुरुस्तीच्या सूचना वाचल्या तर तेच रडगाणं, जुन्या भिंतीत शिरलेली ओल चुन्यातून किंवा मातीतून बाहेर सुकून जाते, सिमेंट ती अडवतं, मग भिंत आतून भिजत राहते आणि लाकडाची टोकं सडतात. तिकडे आता जुन्या घरांना परत चुना वापरा म्हणून मागे लागतात. आमच्याकडे माती सारवणारी शेवटची म्हातारी गेली आणि मग सिमेंट आलं, मिस्त्रीचा बिचाऱ्याचा दोष नाही.

मोठेबाबांना ग्रेट कॉक्सवेलचा फोटो दाखवला. त्यांनी मोबाईल लांब धरून बराच वेळ पाह्यलं.

“छपराले काय हाय?”

“दगडाच्या चिपा, मोठेबाबा.”

“वानरं नसतीन तिकडं.”

विषय संपला. आणि ते चुकीचं बोलले नाहीत. विदर्भातलं कवेलूचं, म्हणजे कौलांचं, छप्पर सरकारी धोरणानं नाही गेलं, वानरांनी गेलं. दरवर्षी मिरगाच्या आधी कवेलू फेरायचे, फुटके काढायचे, चांगले परत रचायचे, ते करणारी माणसं गावात होती आणि कुंभार नवे कवेलू द्यायचा. जंगल कमी झालं, वानरांच्या टोळ्या गावात आल्या, एका उडीत दहा कवेलू. मग लोकांनी टिनं टाकली. कुंभाराची भट्टी बंद झाली. आता कोणाला हौस असली तरी गावरानी कवेलू आणायचे कुठून. जुनं घर वाचवायचं म्हणजे घरासोबत कुंभार वाचवावा लागतो, फेरणारा वाचवावा लागतो.

आपल्याकडे कायदे नाहीत असं नाही. केंद्राचा १९५८ चा आहे, त्यात किमान १०० वर्षं जुनं पाहिजे, राज्याचा १९६० चा आहे. सिंदखेडराजाला लखुजीराव जाधवांचा राजवाडा संरक्षित आहे, असायलाच पाहिजे. सेवाग्रामला बापू कुटी आहे, माती, बांबू आणि कवेलूचीच, आणि किती नीट ठेवलीय. गांधीजी १९३६ मध्ये त्या गावात राहायला आले म्हणून ती उरली, त्याच काळातली त्याच मातीची आजूबाजूची घरं किती उरली असतील विचार करा. मुंबईत, नागपुरात हेरिटेजच्या याद्या आहेत, ग्रेडसुद्धा. पण खेड्यातल्या साध्या शेतकऱ्याच्या घराची नोंद मुख्यतः एकाच ठिकाणी होते, ग्रामपंचायतीच्या नमुना ८ मध्ये. तिथं एका ओळीत घर कशाचं आहे ते लिहितात, मातीचं, दगडविटांचं की आरसीसी, आणि त्यावर घरपट्टी. बस. वय लिहितात तेही घसारा काढायला. घरकुलाच्या यादीत तर दीड हात जाडीची भिंत म्हणजे ‘कच्चं घर’, ते पाडून सरकारच्या अनुदानात पक्कं बांधायचं. ज्याच्या घरात पावसात गुडघाभर पाणी होतं त्याला मी कुठल्या तोंडानं सांगू की नको पाडू.

आणि इंग्लंडात सगळं गोडगोड आहे असंही समजू नका. कोठारं वाचली पण शेतकरी निघून गेले, बऱ्याच कोठारांत आता शहरातले पैसेवाले राहतात, मळणीच्या दरवाज्याला उंच काच लावून. छपरात वटवाघळं असली तर त्यांचा वेगळा सर्व्हे आणि वेगळी परवानगी. आणि सगळ्यात उलटा न्याय टॅक्सचा, नवीन घर बांधलं तर व्हॅट शून्य आणि जुनं दुरुस्त केलं तर २० टक्के. संरक्षित घरात परवानगी घेऊन केलेल्या बदलांना आधी सूट होती, तीही २०१२ मध्ये काढून घेतली. म्हणजे जपा म्हणायचं आणि जपणाऱ्याच्याच खिशात हात घालायचा.

त्यामुळे आमचा वाडा सरकारनं ताब्यात घ्यावा, बोर्ड लावावा, असलं माझं काही म्हणणं नाही. वाडा विकायचा ठरलाय. वारस ढीगभर, कोणी पुण्यात, कोणी अमरावतीत, दुरुस्तीला वर्गणी काढायची म्हटली की फोन लागत नाहीत. जुनं सागवान घेणारा एक पार्टीवाला येऊन गेला, खांब, तुळया, ढेलजेचा दरवाजा सगळं मोजून गेला, आणि जाताना प्रत्येक खांबावर ऑइलपेंटनं नंबर टाकून गेला, कुठल्यातरी रिसॉर्टमध्ये परत उभं करायचंय म्हणे. तिकडच्या लाकडी घरांच्या जोडांवरही सुतारांनी रोमन आकडे कोरलेले सापडतात, आधी जमिनीवर जुळवून मग उभं करायचे त्याच्या खुणा. आमच्या वाड्याला नंबर मिळाले ते पाडण्यासाठी. राग त्याचा नाही, तो धंदा करतोय. राग याचा की त्याच्या वहीत आमच्या वाड्याची जेवढी नीट नोंद आहे तेवढी आमच्या घरात नाही, ग्रामपंचायतीत नाही, जिल्ह्यात कुठेच नाही.

म्हणून मी टेप घेऊन बसलोय. पोळा झाला की तो माणूस ट्रक घेऊन येणार आहे, त्याच्या आधी ढेलज, चौक आणि ओसरी मोजून, फोटो काढून, त्या इंग्रजी नोंदींसारखंच कोरडं लिहून काढायचंय, भिंत किती, खांब किती, तुळईचा जोड कसा बसवलाय, कोनाडे कुठे, प्लास्टर नंतरचं. कोठा झालाय. माळ्यावर अजून चढलो नाही, जिन्याच्या दोन पायऱ्या उधईनं खाल्ल्यात. पेवाचं तोंड मोठेबाबा उघडू देत नाहीत, आत विषारी हवा असते म्हणतात, आणि ते बरोबर आहे, पेवात उतरून माणसं मेल्याच्या गोष्टी आमच्या भागात ऐकायला मिळतात, तेव्हा आधी कंदील सोडून बघू मग ठरवू. दारव्हा, दिग्रस, कारंजा या बाजूला कोणाच्या घरी असा वाडा पाडायचा चालला असेल तर कळवा, टेप माझ्याकडे आहे, मी येतो. आणि गावरानी कवेलू अजून भाजणारा कुंभार कोणाला माहीत असेल तर तेही सांगा.