"ऐपत नाही" म्हणणाऱ्याकडून वसुली

माझं फरशी-टाइल्सचं दुकान. एका बांधकाम ठेकेदाराने उधारीवर माल उचलला आणि पैसे बुडवले. दावा चालला, निकाल माझ्या बाजूने लागला, त्यावर फार लिहिण्यासारखं नाही. बिलं आणि सहीची चलनं नीट असली की तो भाग सरकतो. खरा छळ दरखास्तीत आहे, म्हणजे निकालाची रक्कम प्रत्यक्ष वसूल करण्यासाठी कोर्टात जो अर्ज चालतो त्यात.

जंगम मालाच्या जप्तीचं वॉरंट निघालं. बेलीफाचा अहवाल आला: जप्तीयोग्य माल मिळून आला नाही. घरातलं सगळं म्हणे बायकोचं. मग वकिलांनी त्याला दिवाणी तुरुंगात टाकण्यासाठी अर्ज दिला. त्यावर ठेकेदाराचं म्हणणं आलं, धंदा बसला, आई आजारी, माझी ऐपत नाही. आणि इथे गाडी रुतली.

मला वाटायचं, ऐपत नाही हे त्याने सिद्ध करावं. तसं नाही. सर्वोच्च न्यायालयाने 1980 सालीच, जॉली जॉर्ज व्हर्गिस प्रकरणात, सांगून ठेवलंय की नुसतं कर्ज थकलं म्हणून माणसाला आत टाकता येत नाही. देण्याची ताकद असून तो टाळतोय हे दिसलं पाहिजे. तत्त्व म्हणून पटतं मला. गरिबाला कोंडून काय मिळणार? पण समोरचा गरीब नव्हता, नव्या गाडीतून तारखेला यायचा. गाडी मेव्हण्याच्या नावावर.

वकिलांनी दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश 21, नियम 41 खाली मालमत्तेचं प्रतिज्ञापत्र मागितलं. हुकूमनामा, म्हणजे पैसे देण्याचा कोर्टाचा अंतिम आदेश, होऊन 30 दिवसांत पैसे आले नाहीत की हे मागता येतं, आणि आदेश होऊनही दिलं नाही तर तीन महिन्यांपर्यंत दिवाणी कैद होऊ शकते. होऊ शकते! प्रत्यक्षात त्याचा मुदतीचा अर्ज, पुढच्या तारखेला वकील आजारी, त्याच्या पुढच्या तारखेला साहेब रजेवर. दुकान बंद ठेवून मी व्हरांड्यात बसायचे आणि दुपारी शिपाई पुढची तारीख सांगायचा. दरखास्ती सहा महिन्यांत निकाली काढा, असं सर्वोच्च न्यायालयाने 2021 मध्ये बजावलंय हे मी तिथेच बसून मोबाइलवर वाचलं आणि मोठ्याने हसले. शेजारच्या आजोबांनी वळून पाहिलं.

शेवटी प्रतिज्ञापत्र आलं. भाड्याची खोली, जुनी दुचाकी, बँकेत चिल्लर. शेतजमीन निरंक.

गावची जमीन मला माहीत होती, कारण तिथे माझ्याच दुकानातला माल गेला होता. सातबारा काढला तर त्यावर भावाचं नाव. मग फेरफार, म्हणजे जमिनीचा मालक कधी आणि कसा बदलला त्याची नोंद, काढला. भावाला बक्षीसपत्र करून दिलेलं, आणि तारीख माझा दावा दाखल झाल्यानंतरची. त्याच संहितेच्या कलम 51 मध्ये हे स्पष्ट आहे: दावा दाखल झाल्यावर वसुली अडवण्यासाठी लबाडीने मालमत्ता दुसऱ्याच्या नावावर केली असेल, तर अटकेचा मार्ग मोकळा होतो. म्हणून सांगते, नुसत्या सातबाऱ्यावर थांबू नका, फेरफार काढाच.

हो, एक राहिलंच. त्याला आत पाठवलं तर त्याच्या जेवणाखाण्याचा भत्ता आपणच भरायचा असतो. ऐकून माझं डोकं फिरलं होतं. कर्ज मात्र तुरुंगवासाने फिटत नाही, तेवढा दिलासा. पैसे देणं लागणारी बाई असेल तर पैशाच्या हुकूमनाम्यात अटक होतच नाही, त्या वाटेला जाऊ नका. आणि तो पगारदार असता तर मी आधी पगारावरच गेले असते. पहिले 1,000 रुपये आणि उरलेल्याचे दोन तृतीयांश सोडून बाकीचा पगार जप्त होतो.

फेरफाराची नक्कल दाखल झाली त्याच्या पुढच्याच तारखेला आजारी आईचा मुलगा मोठी रक्कम घेऊन हजर! बाकीचे हप्ते ठरले. पुरसीस, म्हणजे कोर्टात द्यायचं लेखी निवेदन, लिहिताना मी हटून बसले की एक हप्ता चुकला तर सगळी रक्कम एकदम देय. हप्ते बँकेतूनच घेते आणि प्रत्येकाची नोंद दरखास्तीत करायला लावते. रोखीने मागच्या दाराने दिलेले पैसे कोर्ट हिशेबात धरत नाही, आणि नंतर "मी तर दिले होते" हे नवं भांडण मला नकोय.