हेलसिंकीत हुस्सोच्या शोधात

हुस्सो हे बाईचं नाव आहे. ‘आन्ना-लीसा’ या १९२२ च्या फिनिश मूकपटातली ही मिक्कोची आई. भूमिका छोटी आणि ती केली मिम्मी लॅह्तेनओया या अभिनेत्रीने. फिनिशमध्ये या आडनावाचा अर्थ झऱ्याचा ओहोळ. नायिका हेल्मी लिंडेलोफ, तिच्याविषयी थोडंफार वाचायला मिळतं. हुस्सोच्या वाट्याला मात्र श्रेयनामावलीतली एक ओळ येते. त्या ओळीमागच्या बाईला जवळून बघावं म्हणून मे महिन्याच्या शेवटी मी चार दिवस हेलसिंकीत राहिले.

विमानतळावरून शहरात यायला आय आणि पी या दोन लोकल आहेत, साधारण अर्धा तास लागतो. तिकीट एबीसी झोनचं घ्या आणि गाडीत चढण्याआधीच घ्या. पुढे शहरात फिरायला एबी पुरतं. मध्यवर्ती स्टेशनच्या आसपास राहिलात तर तेही फारसं लागणार नाही, कारण बघायचं बहुतेक सगळं चालण्याच्या टप्प्यात आहे.

स्टेशनाबाहेरच्या चौकाच्या उत्तरेला राष्ट्रीय रंगभूमीची इमारत आहे, १९०२ ची. समोर आलेक्सिस किवी या लेखकाचा बसलेला पुतळा. दर्शनी भिंत ग्रॅनाइटची. मी हात लावून पाहिला, दुपारच्या उन्हातही दगड गार होता. त्या काळातल्या फिनिश चित्रपटांचे बरेचसे नट-नट्या रंगभूमीवरूनच आले. उन्हाळ्यात नाटकं बंद असत, दिवस मोठा असे आणि चित्रीकरण सूर्यप्रकाशावरच अवलंबून होतं, त्यामुळे सिनेमाचं काम सुट्टीत उरकायचं. रात्री दहाला चौकातल्या बाकावर बसून वर्तमानपत्र वाचता येत होतं, तेव्हा हे नीट उमगलं. नाटक बघायची इच्छा असेल तर मात्र उन्हाळा टाळा, रंगभूमीची सुट्टी आजही तेव्हाच असते.

तिथून पाच मिनिटांवर ओदी हे वाचनालय आहे, २०१८ च्या डिसेंबरात उघडलेलं. प्रवेश मोफत, ओळखपत्र कोणी विचारत नाही. तळमजल्यावर किनो रेजिना हे राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयाचं थिएटर आहे. मूकपट मोठ्या पडद्यावर बघायचा असेल तर वेळापत्रक पाहून मगच प्रवासाच्या तारखा ठरवा. मी उलटं केलं. आधी विमानाचं तिकीट काढलं आणि माझ्या चार दिवसांत एकही मूकपट लागला नाही. याची हळहळ अजून आहे.

थिएटरला नाव दिलंय रेजिना लिन्नानहेइमोचं. ही पुढच्या पिढीतली, बोलपटांची मोठी नटी. १९३७ साली तिने सिल्या ही नायिका रंगवली होती, पण १९५९ मध्ये अॅडम्स फिल्म कंपनीच्या साठ्याला आग लागली आणि तो चित्रपट गेला. नायट्रेटची फिल्म एकदा पेटली की विझवता येत नाही. तारकेची नायिका जळून गेली आणि मिम्मीबाईंची हुस्सो मात्र राहिली. कोण उरणार हे भूमिकेच्या लांबीवर ठरलं नाही. मी एवढ्या लांब आले ती बहुधा यासाठीच.

पडद्यावर नाही तर नाही, म्हणून ओदीच्या तिसऱ्या मजल्यावर खिडकीशी बसून लॅपटॉपवर ‘आन्ना-लीसा’ पाहिला. एलोनेट नावाच्या संकेतस्थळावर जुने फिनिश चित्रपट मोफत आहेत. कलाकाराचं नाव टाकलं की त्याच्या सगळ्या भूमिकांची यादी येते. भारतातून कोणते चित्रपट उघडतात ते घरीच तपासून घ्या. शोधताना अक्षरांवरची टिंबं गाळू नका. शिवाय एकाच माणसाची दोन नावं सापडतात. १९०६ मध्ये हजारो लोकांनी स्वीडिश आडनावं टाकून फिनिश घेतली. वर सांगितलेल्या नाट्यगृहाचा वास्तुविशारदही तेव्हाच तोर्नक्विस्टचा तार्यान्ने झाला. बायकांची नावं तर लग्नानंतरही बदलत. हायडी ब्लोफिल्ड ही त्या काळातली नटी पुढे हायडी कोर्होनेन म्हणून सापडते. नोंद मिळाली नाही तर दुसऱ्या नावाने शोधा.

‘आन्ना-लीसा’ ज्यावरून घेतला ते मिन्ना कान्त या लेखिकेचं मूळ नाटक १८९५ चं. निघण्याआधी त्याची गोष्ट माहीत करून घ्याच, नाहीतर हुस्सो हातून निसटते. पंधराव्या वर्षी आन्ना-लीसाला गड्यापासून, म्हणजे मिक्कोपासून, मूल होतं आणि घाबरून ती त्याचा जीव घेते. हे गुपित हुस्सोला ठाऊक असतं. चार वर्षांनी आन्ना-लीसाचं लग्न ठरतं आणि मिक्को परत येतो. आता ही म्हातारी आन्ना-लीसाशी बोलते ती मायेने की धाक घालायला? चित्रपट मुका, संवादांच्या पाट्या सेकंदभर येऊन जातात, म्हणजे ही सगळी मखलाशी चेहऱ्यानेच दाखवायची. मी प्रत्येक पाटी थांबवून भाषांतराच्या अॅपने वाचली आणि मग तोच प्रसंग पाट्यांकडे न बघता पुन्हा पाहिला. तुम्हीही दोनदा बघा. दुसऱ्या वेळी माझं नायिकेवरचं लक्ष उडालं आणि मी फक्त म्हातारीकडे बघत राहिले.

पहिला फिनिश बोलपट आला १९३१ साली. त्याआधी या बायकांचा आवाज नाट्यगृहातल्या प्रेक्षकांनीच ऐकला.

आठवड्याच्या दिवशी ओदी रात्री नऊला बंद होतं. पावणेनऊला सूचना झाली तेव्हा हुस्सोचा प्रसंग मी तिसऱ्यांदा लावला होता. बाहेर लख्ख उजेड होता, म्हणून उरलेला चित्रपट नाट्यगृहासमोरच्या बाकावर बसून संपवला.