तुंबलेलं टॉयलेट आणि सोसायटीचं ऑफिस : माझा अनुभव

टॉयलेट तुंबलं की जो तो आधी ॲसिडच सुचवतो. ते ओतू नका, हे मी सगळ्यात आधी सांगते. आमच्या सोसायटीच्या ऑफिसातून पहिली मदत आली ती ॲसिडची बाटलीच, आणि ती मी दारातूनच परत पाठवली.

आम्ही डोंबिवलीत पहिल्या मजल्यावर राहतो. एका सकाळी फ्लश केल्यावर पाणी खाली जायचं सोडून कमोडच्या काठापर्यंत चढलं. अशा वेळी पुन्हा फ्लश करू नका, टाकीखालचा अँगल कॉक फिरवून बंद करा. निदान घाण बाहेर तरी येत नाही.

मग रबरी पंप. सिंकसाठी सपाट वाटीचा मिळतो, तो नव्हे. ज्याच्या वाटीखाली आणखी एक रबरी गळा असतो तो घ्या, कमोडच्या तोंडात तोच नीट बसतो. रबर पाण्यात पूर्ण बुडलेलं हवं. पहिला दाब हळू द्या, नाहीतर आतली हवा पाण्यासकट अंगावर येते. दाबण्याइतकंच ओढण्यालाही महत्त्व आहे. नुसता मळ किंवा कागद अडकला असेल, तर भांडी घासायचं लिक्विड अर्धी वाटी ओतून थोडं थांबायचं आणि वरून हाताला सोसेल इतपत गरम पाणी बादलीने सोडायचं. उकळतं नको, भांड्याला तडा जाऊ शकतो.

आमचं पाणी उतरलं आणि काही वेळाने आपोआप पुन्हा चढलं. घरात कुणी नळसुद्धा उघडला नव्हता, तरी बाथरूमच्या नहाणी ट्रॅपमधून, म्हणजे फरशीतल्या जाळीखालच्या निचऱ्यातून, बुडबुड आवाज येत होता. वरच्या कुणी फ्लश केला की आमच्या कमोडमधलं पाणी बोटभर वर. ही खूण लक्षात ठेवा. फक्त कमोड भरत असेल तर अडथळा बहुधा आपल्याच ट्रॅपमध्ये, म्हणजे कमोडच्या आतल्या वळणात असतो. नहाणीही बुडबुडत असेल तर तो बाहेर, सामाईक लाईनमध्ये किंवा चेंबरमध्ये, म्हणजे ती लाईन जिथे येऊन मिळते त्या झाकणाच्या खड्ड्यात. मग घरात दिवसभर पंप मारूनही उपयोग नाही.

इथून ऑफिस सुरू झालं, आणि अजून आठवलं की माझं डोकं तापतं.

"ताई, पाणी तुमच्या कमोडात साचतंय ना? मग तुमच्या फ्लॅटचा प्रॉब्लेम. तुमचा प्लंबर बोलवा." मी सांगत होते की लाईन सगळ्यांची आहे, त्या लाईनवर आम्ही सगळ्यांत खाली आहोत म्हणून ते आमच्याकडे वर येतंय. उत्तर ठरलेलं, "अर्ज द्या, कमिटीच्या मीटिंगला ठेवू." मीटिंग रविवारी. तोवर घरातल्या माणसांनी काय करायचं, यावर कुणाकडे शब्द नव्हता. सासूबाईंचे गुडघे दुखतात. शेजारच्या वहिनी मनापासून या म्हणायच्या, पण सारखं दुसऱ्याच्या दारी जायला नको म्हणून सासूबाईंनी पाणी पिणंच कमी केलं. ते लक्षात आल्यावर मी अर्जाची वाट बघणं सोडलं.

सेक्रेटरी काकांना घरी घेऊन आले. कमोडमध्ये पाणी जिथवर होतं तिथे मार्करने रेघ मारली आणि वरच्या काकूंना फोन करून फ्लश करायला सांगितलं. काकांच्या डोळ्यांसमोर पाणी रेघेवर चढलं. "बघतो," म्हणाले. त्यानंतर आली ती ॲसिडची बाटली.

ॲसिड का नको ते नीट सांगते. कमोडमध्ये आधी ब्लीचिंग पावडर किंवा ब्लीच पडलेलं असेल तर ॲसिडशी मिळून क्लोरीन वायू तयार होतो, आणि आपल्याकडचे संडास एवढेसे, कोंदट. ड्रेन साफ करायची कॉस्टिकची पावडर टाकलेली असेल तर पाणी तापून उसळतं. त्यावर कुणी पंप मारला तर तेच पाणी तोंडावर, डोळ्यांत. आणि एवढं करून पॅड किंवा वाइप्स त्याने विरघळत नाहीत ते नाहीतच.

दुसऱ्या दिवशी कंपाउंडमधलं शेवटचं चेंबर उघडलं. पुरुषभर खोल, तोंडापर्यंत भरलेलं. ठेकेदाराने एक पोरगा आणला होता. बनियन, हाफपँट, हातात बांबूची कामटी. वरून कामटी पोचेना, तसा तो थोडं पाणी उपसून आत उतरायची तयारी करू लागला. मी खाली धावत जाऊन थांबवलं. "रोजचंच आहे ताई," तो म्हणाला. चेंबरमध्ये हायड्रोजन सल्फाइड साठतो. तो जास्त असला की नाकाला वास येणंच बंद होतं, त्यामुळे 'वास नाही म्हणजे गॅस नाही' हे साफ खोटं आहे. संरक्षक साधनांशिवाय माणसाला गटारात किंवा सेप्टिक टँकमध्ये उतरवणं 2013 च्या कायद्याने गुन्हा आहे. पहिल्याच वेळी दोन वर्षांपर्यंत कैद, दोन लाखांपर्यंत दंड किंवा दोन्ही. अशा मृत्यूसाठी 30 लाखांची भरपाई द्यावी, असं सर्वोच्च न्यायालयाने 2023 मध्ये सांगितलं आहे. हे सगळं मी तिथेच, सगळ्यांसमोर मोठ्याने बोलले. तो पोरगा माझ्या मुलाच्या वयाचा होता. तो उतरला नाही, याचा मला आजही अभिमान वाटतो.

मग ऑफिसात जाऊन आदर्श उपविधींचं, म्हणजे सोसायट्यांच्या नमुना नियमावलीचं, पान टेबलावर ठेवलं. ड्रेनेज लाईनची दुरुस्ती सोसायटीच्या खर्चाने करायची, असं त्यात लिहिलेलं आहे. संध्याकाळी जेटिंगची गाडी आली. चेंबरच्या बाजूने दाबाने पाणी मारलं, आणि जे बाहेर आलं ते सगळ्यांनी बघितलं : फुगून उशीएवढे झालेले सॅनिटरी पॅड, वाइप्सचे दोरखंड, एक फरशी पुसायचं फडकं. पॅडमध्ये पाणी शोषणारे दाणे असतात, ते पाईपमध्येही फुगतच राहतात. कागदात गुंडाळून कचऱ्यात वेगळे द्या, फ्लश करू नका.

राहून गेलं : घरात पंप मारताना रबरी हातमोजे आणि चष्मा घाला, खिडकी उघडी ठेवा. लोखंडी सळई खुपसू नका, भांडं फुटतं. प्लंबरकडे स्प्रिंगची वायर असते, ती वळणातून जाते. आणि सोसायटीला अर्ज देताना दुसऱ्या प्रतीवर तारखेसह पोच घ्या. बिल आमच्या माथी मारायचा प्रयत्न झाला, तेव्हा तोच कागद उपयोगी पडला.

आता दरवर्षी पावसाळ्याआधी सगळी चेंबर मशीनने साफ करायची, असा ठराव झाला आहे. त्याची सही-शिक्क्याची प्रत मी मागून घेतली आहे.