मधल्या पट्टीतली बाई

ऑपेरात प्रेमापायी मरायचं असेल तर आवाज उंच लागतो. क्षयाने खंगणारी, विष पिणारी, किल्ल्याच्या तटावरून उडी टाकणारी नायिका बहुतेक वेळा सोप्रानोच, म्हणजे बायकांतल्या सगळ्यांत उंच आवाजाचीच, असते. त्याच्या जरा खालचा, गडद, भरीव असा मेझो-सोप्रानो आवाज जिला मिळाला, तिच्या वाट्याला उरते ती नायिकेची दासी, सवत, आई, चेटकीण, नाहीतर चक्क मिसरूडही न फुटलेला पोरगा. कार्मेन हा मोठा अपवाद. पण तीसुद्धा प्रेमापायी मरत नाही, हट्टापायी मरते.

मला या उरल्यासुरल्या भूमिकाच जास्त आवडायला लागल्या, आणि त्याला कारणीभूत जर्मन मेझो गायिका ख्रिस्ता लुडविग.

बाई १९२८ साली बर्लिनमध्ये जन्मल्या. घर गाणाऱ्यांचं. वडील टेनर, म्हणजे उंच पुरुषी आवाजाचे गायक, पुढे ऑपेराचे कारभारी. आई गायिका, आणि तीच मुलीची गुरू. युद्ध संपलं आणि पुढच्याच वर्षी, १९४६ मध्ये, अठरा वर्षांची ही मुलगी फ्रँकफर्टच्या रंगमंचावर आली ती 'डी फ्लेडरमाउस' या हलक्याफुलक्या ऑपेरेटातला राजपुत्र ऑर्लोफ्स्की बनून. म्हणजे पहिलीच भूमिका पुरुषाची! बालगंधर्वांच्या शालूंच्या गोष्टी ऐकत वाढलेल्या आपल्याला याचं नवल वाटू नये. फक्त गंगा इथे उलटी वाहते. पुढे डार्मश्टाट, हानोव्हर करत १९५५ मध्ये कंडक्टर कार्ल ब्योम यांनी तिला व्हिएन्नाच्या श्टाट्सओपरमध्ये, म्हणजे तिथल्या सरकारी ऑपेरात, आणलं आणि बाई तिथल्याच झाल्या.

आता मुद्द्याची गोष्ट. रिशार्ड श्ट्राउसचा 'डेर रोझेनकावालियर' हा ऑपेरा १९११ सालचा. त्यात सतरा वर्षांचा ऑक्टेव्हियन एका फील्डमार्शलच्या बायकोच्या, म्हणजे मार्शालिनच्या, प्रेमात आहे. शेवटी तो आपल्या वयाच्या मुलीकडे जातो आणि मार्शालिन त्याला जाऊ देते. ऑक्टेव्हियन गाते मेझो. त्यातून हा पोरगा मध्येच मोलकरणीचा वेश घेतो, म्हणजे बाईने पुरुष व्हायचं आणि त्या पुरुषाने पुन्हा बाई. १९५६ मध्ये लंडनला कंडक्टर कारायानच्या हाताखाली झालेल्या ध्वनिमुद्रणात लुडविग ऑक्टेव्हियन आहे आणि एलिझाबेट श्वार्त्सकोप्फ मार्शालिन. लुडविगचा तो आवाज काय ऐकावा! अंथरुणातून नुकताच उठलेला, स्वतःवर बेहद्द खूश, जगात वय नावाचं काही असतं याचा पत्ताच नसलेला.

मग १९७१ सालचं, कंडक्टर आणि संगीतकार बर्नस्टाइनचं, व्हिएन्नात केलेलं ध्वनिमुद्रण लावावं. इथे मार्शालिन आहे लुडविग. पहिल्या अंकात न्हाव्याने केस बांधल्यावर ती आरशात बघते आणि म्हणते, आज तुम्ही मला म्हातारी करून टाकलंत. मग थोड्या वेळाने सांगते की कधीकधी मी मध्यरात्री उठते आणि घरातली सगळी घड्याळं बंद करते. मागे हार्प आणि चेलेस्टा (घंटीसारखं किणकिणणारं पेटीवजा वाद्य) हलकेच टोले देत असतात. कुठे गळा काढणं नाही. ओळ जवळजवळ बोलल्यासारखी येते, पण सुरातून केसभरही ढळत नाही. पंधरा वर्षांपूर्वी यातलं अक्षरही न कळता बाजूला बसलेला पोरगा तीच होती, हे माहीत असलं की ऐकताना पोटात काहीतरी हलतं.

त्याच मुद्रणात आडदांड, लघळ बॅरन ऑक्स झालाय वाल्टर बेरी. हा तिचा १९५७ पासूनचा नवरा. १९७० मध्ये घटस्फोट झालेला. १९६६ मध्ये न्यूयॉर्कच्या मेट्रोपॉलिटन ऑपेरात श्ट्राउसच्याच दुसऱ्या ऑपेरात दोघांनी भांडकुदळ रंगारीण आणि तिचा सोशिक नवरा रंगवला होता. घर मोडलं तरी गाणं चालू राहिलं. आपल्याकडे अशा वेळी दोघांच्या तारखा वेगळ्या ठेवतात.

वरच्या पट्टीचा मोह तिलाही सुटला नव्हता. 'फिडेलिओ'ची लिओनोरे ही सोप्रानोची भूमिका तिने गायली, आणि उत्तम गायली. मग वाग्नरच्या इसोल्डेसाठी, म्हणजे मेझोचा गळा बसवू शकणाऱ्या सोप्रानोच्या भूमिकेसाठी, गळ घालणारे भेटले. कारायानने विचारल्यावर ब्योम म्हणाले, तो माणूस गुन्हेगार आहे. मात्र माझ्याबरोबर तुला ते जमेल. हा किस्सा ती स्वतः सांगायची. रंगमंचावर इसोल्डे तिने शेवटपर्यंत केली नाही. सत्तरच्या दशकात आवाजाने त्रास दिला तेव्हा कार्यक्रम कमी केले, सावरली, आणि १९९४ पर्यंत गात राहिली. व्हिएन्नातला निरोप घेतला तो 'एलेक्ट्रा'तली पापिणी राणी क्लिटेम्नेस्ट्रा होऊन. वय वाढलं म्हणून भूमिका संपल्या नाहीत, उलट चांगल्या मिळत गेल्या. कोवळ्या नायिकांवर पोट असणाऱ्या किती सोप्रानोंना हे जमतं? तरी आत्मचरित्राला तिने नाव दिलं त्याचा अर्थ असा, की मला प्रिमादोन्ना, म्हणजे ऑपेराची मुख्य नायिका, व्हायला किती आवडलं असतं! यातली थट्टा किती आणि खंत किती, ज्याने त्याने ठरवावं.

एकच काही बघायचं असेल त्याला मी १९८९ चं लंडनच्या बार्बिकन सभागृहातलं, बर्नस्टाइनने संगीत दिलेल्या 'कँडिड'चं चित्रीकरण सुचवतो. वाद्यवृंदासमोर बर्नस्टाइन स्वतः उभा आहे, मंडळीत फ्लूची साथ आहे, आणि एकसष्ट वर्षांची लुडविग अशा एका म्हातारीचं गाणं गातेय, जिचं अर्धं ढुंगण उपाशी सैनिकांनी कापून खाल्लेलं असतं. गाणं टँगोच्या चालीवर आहे, आणि बाई त्यात अशा रंगल्यात की विचारू नका.