तारेच्या जाळीपलीकडचं मैदान : कॅन्सस सिटी

निग्रो लीग्ज म्हणजे अमेरिकेत वर्णभेदाच्या काळात काळ्या खेळाडूंच्या वेगळ्या बेसबॉल स्पर्धा. कॅन्सस सिटीच्या निग्रो लीग्ज बेसबॉल म्युझियममध्ये शिरलं की आधी मैदानच दिसतं. ब्राँझचे खेळाडू आपापल्या जागी उभे आहेत. चेंडू टाकायला सॅचेल पेज, तो झेलायला समोर जॉश गिब्सन. पण मध्ये तारेची जाळी आहे, कोंबड्यांच्या खुराड्याला लावतात तसली. वर्णभेदाच्या काळात काही मैदानांवर काळ्या प्रेक्षकांना अशा जाळीमागे बसवत. बाबा तिथेच थांबले. म्हणाले, "बाळू पालवणकर दलित क्रिकेटपटू, म्हणून त्यांना पुण्यात पॅव्हेलियनबाहेर मातीच्या भांड्यात चहा द्यायचे. तीच ही जात."

मैदानात पाऊल ठेवायचं तर सगळा इतिहास फिरून शेवटी यावं लागतं. वाट चुकवून थेट तिकडे जाऊ नका. निदान अडीच तास हाताशी ठेवा, सोमवारी जाऊ नका (म्युझियम बंद असतं) आणि सकाळी उघडताच पोहोचा.

मला सगळ्यात जास्त भिडली ती हा इतिहास टिकवण्यासाठी झालेली धडपड. १९९० साली हे म्युझियम एका खोलीत सुरू झालं. निग्रो लीगमधले जुने खेळाडू बक ओनील आणि इतर मंडळी आळीपाळीनं तिचं भाडं भरत. गोऱ्यांची वर्तमानपत्रं या सामन्यांची फारशी दखल घेत नसत, त्यामुळे धावफलक शोधायचे ते 'शिकागो डिफेंडर', 'पिट्सबर्ग कुरियर' अशा काळ्यांच्या पत्रांत. अभ्यासकांनी वर्षानुवर्षं जुने अंक चाळून आकडा आकडा जमवला. म्हणून २०२४ मध्ये मेजर लीगनं, म्हणजे अमेरिकेतल्या बेसबॉलच्या मुख्य व्यावसायिक लीगनं, हे आकडे आपल्या अधिकृत नोंदींत घेतले, आणि गिब्सनची ०.३७२ ही फलंदाजीची सरासरी टाय कॉबच्या पुढे जाऊन सर्वोच्च ठरली. गिब्सन १९४७ च्या जानेवारीत वारला. त्यानंतर तीनच महिन्यांनी जॅकी रॉबिन्सन डॉजर्स संघाकडून मैदानात उतरला आणि मेजर लीगमधली वर्णभेदाची भिंत मोडली. या तारखा सांगणाऱ्या पाटीपुढून माझा पाय निघेना.

ओनील २००६ साली हॉल ऑफ फेमच्या, म्हणजे बेसबॉलमधल्या सर्वोच्च सन्मानाच्या, निवडीतून वगळले गेले. तरीही निवडल्या गेलेल्या सतरा जणांच्या वतीनं समारंभात बोलायला ते गेले आणि त्याच ऑक्टोबरात वारले. त्यांचा तिथे समावेश व्हायला २०२२ उजाडलं. याचा राग मला अजून येतो.

बाहेर पडल्यावर पासेओ रस्त्यावरची वायएमसीएची जुनी इमारत बघा, चालत पाच-सात मिनिटं. १९२० च्या फेब्रुवारीत शिकागोच्या एका काळ्या संघाचा मालक रूब फॉस्टर यानं इथेच संघमालकांना बोलावून निग्रो नॅशनल लीग स्थापन केली. जेवायला अठराव्या रस्त्यानंच पूर्वेकडे ब्रुकलिन अव्हेन्यूपर्यंत जा, आर्थर ब्रायंट्सचं बार्बेक्यू तिथेच आहे. शाकाहारी असाल तर डबा सोबत घ्या.

शिकागोहून आम्ही साउथवेस्ट चीफ रेल्वेनं आलो. गाडी दुपारी निघते, रात्री युनियन स्टेशनवर उतरवते. शहरात फिरायला मात्र भाड्याची मोटार घ्या, कारण पेज आणि ओनील दोघेही फॉरेस्ट हिल दफनभूमीत आहेत, बरंच दक्षिणेला. ती जागा विस्तीर्ण आहे, तेव्हा ऑफिस उघडं असतानाच जाऊन नकाशा मागून घ्या. आम्ही सूर्य कलताना पोहोचलो. पेजची कबर सापडली, ओनीलची शोधता शोधता अंधार पडला. दुसऱ्या दिवशी सकाळी आम्ही पुन्हा गेलो.