धावपट्टीच्या जागी बाग

"फोटो काढून ठेवा, २०२८ नंतर इथून काही उडणार नाहीये." कुंपणापलीकडे एक आजोबा आपल्या जुन्या सेसना विमानाच्या पोटाखालचं ऑइल फडक्याने पुसत होते, पुसता पुसताच बोलले, वर बघितलंही नाही. दिवसभर तेच डोक्यात आहे.

अमेरिकेत कॅलिफोर्नियातल्या सँटा मोनिकाचं हे छोटं विमानतळ शहराच्या मालकीचं. फ्लाइंग स्कूल, विमानं ठेवायचे हँगर, दुरुस्तीच्या शेड, एवढंच. पण डग्लस कंपनीचा विमान कारखाना इथलाच आणि १७ डिसेंबर १९३५ ला पहिलं डीसी-३ प्रवासी विमान उडालं तेही इथूनच! १९४७ ला आपले जवान घेऊन श्रीनगरला उतरलेली डाकोटा म्हणजे त्याच विमानाचं लष्करी रूप, हे आठवलं आणि अंगावर काटाच आला.

शेजाऱ्यांचंही खरंय. घरं धावपट्टीला अगदी खेटून, दिवसभर आवाज, त्यात शिसं असलेल्या इंधनाची भीती. शहर आणि अमेरिकेचं विमान वाहतूक खातं यांच्यातल्या २०१७ च्या करारानंतर धावपट्टी जवळपास ५००० फुटांवरून ३५०० वर आणली, २०२८ संपलं की शहर ती बंद करू शकतं. आणि मतदारांनी २०१४ मध्येच सांगितलंय, बंद झालं तर तिथे बागा, मैदानं हवीत.

बाग मलाही हवीय हो. पण तिथे जाळीला नाक लावून उभी असलेली पोरं बघितली ना, प्रत्येक टेकऑफला उड्या मारत होती, त्यांनी इतक्या जवळून विमान मग कुठे बघायचं? मोठ्या एअरपोर्टवर तर सिक्युरिटी पार करून काचेतूनच दिसतं. बागेत एखादं जुनं हँगर तरी ठेवता नाही का येणार?